ग्लोरिया शोमानचा हात कसा ओळखायचा?

संशयी: दोनशेहून अधिक चित्रपट. हा आकडा तू कौतुकाने सांगतेस, पण मला तोच खटकतो. ग्लोरिया शोमान चाळीसच्या दशकात संकलनाच्या टेबलाशी बसली आणि जवळपास चार दशकं तिथून हलली नाही. सरासरी काढली तरी वर्षाला पाच चित्रपट होतात, आणि भरभराटीच्या वर्षांत त्याहून बरेच जास्त असणार. 1950च्या आसपास मेक्सिकोत वर्षाला शंभरावर चित्रपट निघत होते. तीन-चार आठवड्यांत चित्रीकरण आटपायचं, रीळ लॅबमध्ये, रश प्रिंट संकलकाकडे, की पुढच्या चित्रपटाचा मुहूर्त. अशा गिरणीत बसलेल्या बाईला तू ‘कलावंत’ म्हणतेस. मी स्वतः आयुष्यभर हेच काम केलंय, म्हणून विचारतो. तिला निष्णात कारागीर म्हटलं तर काय बिघडतं?

रसिक: बिघडत काहीच नाही, फक्त माप सगळ्यांना एकच लावा. गाब्रिएल फिगेरोआनेही दोनशेच्या वर चित्रपट चित्रित केले, त्याच गिरणीत आणि त्याच घाईत. त्याला कुणी कारागीर म्हणत नाही. त्याच्या नावाने प्रदर्शनं भरतात, त्याच्या ढगांवर लोक पुस्तकं लिहितात. ‘ला पेर्ला’, ‘एनामोरादा’, ‘रिओ एस्कोंदिदो’, ‘सालोन मेहिको’, ‘माकारिओ’ ही त्याची ख्यातनाम कामं, आणि या प्रत्येक चित्रपटाचं संकलन शोमानचं आहे. कॅमेऱ्यामागचा माणूस दोनशे चित्रपटांमुळे थोर ठरतो आणि मुव्हिओला या संकलनयंत्रासमोरची बाई त्याच आकड्यामुळे कामगार ठरते, यातली गोम मला सांगा.

संशयी: गोम साधी आहे. फिगेरोआची एक चौकट दाखव, नाव झाकून. खाली लावलेला कॅमेरा, अर्ध्याहून जास्त पडदा व्यापणारं आभाळ, मॅगे म्हणजे घायपाताच्या काटेरी पात्यांआड उभी रेबोसो पांघरलेली बाई. कुणीही सांगेल, फिगेरोआ. आता शोमानचं तसं काही दाखव. ‘एनामोरादा’ 1946चा, एमिलिओ ‘एल इंदिओ’ फर्नांदेसचा. तो संथ आहे, एकेक चित्र डोळाभर पाहू देतो. पाचच वर्षांनी त्याच दिग्दर्शकाचा ‘व्हिक्तिमास देल पेकादो’ आला. कॅबरे, निनोन सेव्हियाचं नाच नाच नाचणं, ढोलांवरचे हात, पाय, चेहरे, शेजारून धडधडत जाणारी आगगाडी. तिथे संकलन तालावर पळतं. दोन्हीकडे संकलक एकच. मग तिचा हात कोणता, संथ की चपळ? ज्याची खूण सापडत नाही त्याला लेखकपण कसं द्यायचं?

रसिक: खूण सापडली पाहिजे हा हट्ट चित्रकारांकडून घेतलाय. तो संकलनाला का लावायचा? बरं, ‘एनामोरादा’चंच घेऊ, अगदी जवळून. रात्रीचा प्रसंग. क्रांतिसेनेचा जनरल होसे हुआन, म्हणजे पेद्रो आर्मेंदारिस, चोलुलातल्या श्रीमंताच्या तापट मुलीच्या खिडकीखाली गाणारे घेऊन आलाय. त्रिओ कालाव्हेरास ‘मालागेन्या’ गातात, ते वर चढत जाणारे लांबलचक सूर लावत. वर मारिया फेलिक्स झोपलेली आहे. गल्ली, गिटारी, खिडकी, पुन्हा गल्ली असं चालू असतं, आणि एकाएकी पडदाभर फक्त तिचे डोळे. मिटलेले. मग ते उघडतात. आता डोळे मिटलेले असताना किती चौकटी थांबायचं, हे कॅमेरा ठरवत नाही. जरा लवकर उघडले तर बाई दचकून जागी झाली असं वाटेल. जरा उशीर झाला तर ती जागीच होती आणि सोंग घेत होती असं वाटेल. पडद्यावर जे आहे त्यात दोन्ही अर्थ शिल्लक राहतात. गाण्याने तिला जागं केलं की ती गाण्याची वाटच पाहत होती, हे आपल्याला कळत नाही. पुढे अख्खी गोष्ट त्याच संशयावर चालते. ही काटछाट कुणाची?

संशयी: छान सांगितलंस. आता टेबलावर बसलेल्या माणसाचं ऐक. गाणं आधी ध्वनिमुद्रित झालेलं असतं, चित्रीकरण प्लेबॅकवर. म्हणजे लांबी बांधलेली. कच्ची फिल्म परदेशातून येणार. युद्धाच्या काळात अमेरिकेने अर्जेंटिनाचा पुरवठा आवळला आणि मेक्सिकोला पुरवठा चालू ठेवला, म्हणून तर तिथला धंदा फुगला. तरी फिल्म म्हणजे पैसा, उधळायची वस्तू नव्हे. फर्नांदेससारखा माणूस सेटवर चित्र ठरवूनच उभा राहतो. डोळ्यांच्या त्या शॉटचे कदाचित दोन टेक असतील. पापणी उघडायच्या आधीचा तुकडा किती, तेही सेटवर कॅमेरा कधी चालू केला आणि ‘कट’ कधी म्हटलं यावर. संकलकाच्या हाती उरतो अर्धा सेकंद. त्या अर्ध्या सेकंदावर तू कारकीर्द उभी करतेस.

रसिक: सर, अर्धा सेकंद म्हणजे बारा चौकटी. तुमच्याच तोंडून ऐकलंय की चार चौकटींसाठी तुम्ही निर्मात्याशी भांडला होतात.

संशयी: भांडलो आणि हरलो. प्रेक्षकांपैकी एकालाही फरक कळला नाही.

रसिक: कळला नाही म्हणून फरक नव्हता, हे तुम्हाला तरी पटतं का? दिग्दर्शक बुन्युएलच्या आत्मचरित्रात एक किस्सा आहे. 1962च्या ‘एल आंखेल एक्स्तेर्मिनादोर’मध्ये पाहुणे बंगल्यात शिरतात आणि थोड्या वेळाने पुन्हा तेच पाहुणे तसेच शिरतात. मुद्दाम ठेवलेली पुनरावृत्ती. चित्रपट जोडून झाल्यावर छायालेखक, म्हणजे आपला फिगेरोआच, घाबरून सांगायला आला की काहीतरी मोठी गफलत झालीय, प्रवेश दोनदा लागलाय. दोन्ही वेळा चित्रीकरण त्याने स्वतः केलं होतं! तरी एवढी मोठी चूक बुन्युएलच्या आणि संकलकाच्या नजरेतून कशी सुटेल, हा प्रश्न त्याला पडला नाही. संकलक होता कार्लोस साव्हाज. संकलन दिसतं ते चूक वाटली तरच. ज्याचं काम बरोबर असताना दिसतच नाही, त्याच्याकडे खूण मागणं हा अन्याय आहे.

संशयी: पण हा किस्सा माझ्या बाजूचा आहे. पुनरावृत्तीची कल्पना बुन्युएलची. तो कमी फिल्म वापरायचा, चित्रपट डोक्यात जोडूनच सेटवर यायचा, त्याचं संकलन काही दिवसांत उरकायचं. साव्हाजने ‘लोस ओल्व्हिदादोस’ केला, ‘एल’ केला, ‘नासारिन’ केला, ‘सिमोन देल देसिएर्तो’ केला. बुन्युएलच्या मेक्सिकोतल्या उत्तम चित्रपटांवर त्याचं नाव आहे. पण ते नाव खोडून दुसरं टाकलंस तर कोणता चित्रपट बदलेल? मी साव्हाजला कमी लेखत नाही. उलट मला वाटतं की त्याची थोरवी हीच, की त्याने मध्ये लुडबुड केली नाही. पण लुडबुड न करणं ही सर्जकता नव्हे, शिस्त आहे.

रसिक: दिग्दर्शक बलदंड असला की असं वाटणारच. उलट बाजूने पाहा. दिग्दर्शकच टेबलाशी नसला तर? सोव्हिएत दिग्दर्शक आयझेनस्टाईन 1930च्या अखेरीस मेक्सिकोत आला, एदुआर्द तिसेचा कॅमेरा, पैसे अमेरिकन कादंबरीकार अप्टन सिंक्लेअर आणि त्याच्या बायकोच्या पुढाकाराने जमवलेले. सुमारे दोन लाख फूट फिल्म खर्ची पडली. 1932त सिंक्लेअरने काम थांबवलं आणि संकलनाचा सगळ्यात मोठा सिद्धांतकार स्वतःच्या चित्रपटाला हातही न लावता मॉस्कोला परतला. मग हॉलिवूडमध्ये सोल लेसरने त्यातून ‘थंडर ओव्हर मेक्सिको’ काढला. 1939त मारी सेटनने ‘टाइम इन द सन’ काढला. 1979त जुना सहकारी ग्रिगोरी अलेक्सांद्रोव्हने स्वतःची आवृत्ती जोडली. एकाच निगेटिव्हमधून तीन वेगळे चित्रपट. लेसरच्या हाती ती एका अत्याचाराची आणि सूडाची गोष्ट झाली, बाकीच्यांना त्यात अख्खा देश दाखवायचा होता. संकलक बदलला की चित्रपट बदलतो याला आणखी काय पुरावा हवा?

संशयी: तू तिन्ही आवृत्त्या पाहिल्या असशील तर प्रामाणिकपणे सांग, लक्षात काय राहिलं? मातीत गळ्यापर्यंत पुरलेले पेऑन, म्हणजे शेतमजूर, मॅगेची रानं, पिरॅमिडच्या दगडाशेजारी दगडासारखाच चेहरा. जोडणी कुणीही केली तरी ती चित्रं राहिली. वाईट संकलनही त्यांना मारू शकलं नाही. शेवटी तिघांच्याही चित्रपटाला जग आयझेनस्टाईनचाच म्हणतं.

रसिक: आणि इथेच मेक्सिकोच्या सिनेमाची एक गंमत आहे. फर्नांदेस-फिगेरोआ जोडीवर त्या चित्रांची छाप आहे असं सगळे म्हणतात. म्हणजे ज्या चित्रपटाचं संकलन त्याच्या कर्त्याच्या हातून कधी झालंच नाही, त्याच्याकडून या सिनेमाने आपली दृष्टी घेतली. घेताना चित्रं घेतली, जोड घेता आला नाही, कारण तो नव्हताच. म्हणून आभाळाची पूजा झाली आणि टेबलाशी बसलेल्या बाईकडे कुणी पाहिलं नाही. तुमचं ‘लक्षात काय राहिलं’ हे त्याच सवयीतून आलंय.

संशयी: हे मात्र मी असं पाहिलं नव्हतं. मान्य करत नाही, पण डोक्यात ठेवतो. पण बाई म्हणून तिच्याकडे पाहिलं नाही हा तुझा रोख असेल तर जरा थांब. संकलनात बायकांना त्या मानाने लवकर जागा मिळाली, हॉलिवूडमध्येही, कारण ते शिवणकामाच्या जवळचं मानलं गेलं. अंधारी खोली, बारीक काम, नीट नोंदी, आणि शेवटचा शब्द दुसऱ्याचा. तेव्हा तिला आत घेतलं यात मोठेपणा नव्हता, तसा तिच्यावर अन्यायही नव्हता.

रसिक: मातिल्दे लांदेताचं उदाहरण शेजारी ठेवा, मग अन्याय दिसेल. ती कितीतरी वर्षं सेटवर सातत्य सांभाळत होती, कोणत्या टेकला कोणत्या हातात पेला होता ते लिहीत होती. साहाय्यक दिग्दर्शक व्हायचं म्हटल्यावर संघटनेने दारं लावली. एकदा पुरुषाचा पेहराव करून, मिशा लावून ती सेटवर जाऊन उभी राहिली असं सांगतात. 1948त ‘लोला कासानोव्हा’ दिग्दर्शित केला तेव्हाही पैशांची जुळवाजुळव तिलाच करावी लागली, आणि अवघ्या तीन चित्रपटांनंतर तिचा रस्ता अनेक दशकं बंद झाला. ज्या धंद्यात बाई दिग्दर्शक होऊ पाहते तर तीन चित्रपटांत संपते, आणि संकलक होते तर दोनशे करते, तिथे दुसरीची चिकाटी नुसती शिस्त म्हणून मोडीत काढता येत नाही. टेबल ही तिची मर्यादा होती, पण चित्रपट बदलायची एकमेव जागाही तीच होती.

संशयी: किंवा ती खरोखरच समाधानी होती. ही शक्यता तुम्हा लोकांना नको असते. प्रत्येक संकलकात दबलेला दिग्दर्शक दिसला पाहिजे. आजकाल तसं घडतंही. कार्लोस बोलादोने ‘कोमो आग्वा पारा चोकोलाते’चं संकलन केलं आणि मग दिग्दर्शनाकडे वळला. नातालिया लोपेसने कार्लोस रेयगादासचा ‘लूस सिलेन्सिओसा’, आमात एस्कालान्तेचा ‘एली’ असे चित्रपट जोडले, आणि तिच्या स्वतःच्या ‘मान्तो दे खेमास’ला 2022त बर्लिनला ज्युरीचं रौप्य अस्वल मिळालं. उलटही घडतं. आल्फोन्सो क्वारोन स्वतःच्या चित्रपटांच्या संकलनावर स्वतःचं नाव लावतो, ‘ग्रॅव्हिटी’साठी ऑस्करही त्यात वाटून घेतो. दोन्हींचा अर्थ एकच. टेबल हे प्रतीक्षालय तरी आहे, नाहीतर दिग्दर्शकाचीच एक खुर्ची. मधला स्वतंत्र माणूस कुठे आहे?

रसिक: यिब्रान आसुआद आहे. ‘ऊना पेलिकुला दे पोलिसियास’. पोलिसांवरचा माहितीपट म्हणून आपण पाहायला बसतो, पोलिसांचे आवाज ऐकतो, चेहऱ्यांवर विश्वास ठेवतो, आणि मध्यावर कळतं की ते चेहरे नटांचे आहेत. तो विश्वास बांधायचा आणि नेमका कुठे तोडायचा, हा सगळा मामला जोडणीचा. 2021त बर्लिनने त्या कामगिरीसाठी रौप्य अस्वल दिलं ते दिग्दर्शकाला नव्हे, आसुआदला. आणि शोमानला 2004 साली मेक्सिकोच्या चित्रपटसृष्टीचा जीवनगौरव, सुवर्ण आरिएल, मिळाला तेव्हा तिने नव्वदी ओलांडलेली. दोन वर्षांनी ती गेली.

संशयी: पुरस्कारांचं सोड. जीवनगौरव म्हणजे बऱ्याचदा उशिराची माफी असते. माझा आक्षेप अजून तसाच आहे, आणि तो तिच्या कर्तृत्वाबद्दल नाही, पुराव्याबद्दल आहे. संकलकाने काय केलं हे कळायला काय टाकलं ते दिसायला हवं. मी चित्रपट जोडतो तेव्हा माझी अक्कल टोपलीत पडलेल्या तुकड्यांत असते. ‘माकारिओ’चा शेवट घे. भुकेला लाकूडतोड्या, त्याची टर्की, मृत्यूशी वाटून घेतलेला घास. शेवटी मेणबत्त्यांची गुहा, प्रत्येक ज्योत म्हणजे एक जीव, आणि स्वतःची विझू घातलेली मेणबत्ती घेऊन पळणारा माकारिओ. तिथून तुटतं ते एकदम रानात. बायको त्याला शोधत येते, तो मरून पडलाय, शेजारी टर्कीचे दोन भाग, एक खाल्लेला, एक तसाच. त्या एका तोडीने अख्खा चित्रपट क्षणभराचा भास ठरू शकतो. तू म्हणशील, वा शोमान! पण तो शेवट बी. ट्रॅव्हनच्या कथेत आहे. दिग्दर्शक गाव्हाल्दोनने तो चित्रित केला. शोमानने त्यात काय केलं? गुहा दहा सेकंद लांब होती का? रानातला एखादा शॉट तिने वगळला का? ती टोपली गेली. प्रत्येक स्टुडिओत टोपल्या रिकाम्या केल्या जातात. जे पूर्ण झालं होतं तेही टिकलं नाही. 24 मार्च 1982ला मेक्सिको शहरातल्या सिनेतेका नासिओनालला आग लागली, हजारो चित्रपटांची रिळं जळाली. आपल्याकडे 2003त पुण्यात नायट्रेट फिल्म जळाली, तेव्हा काय गेलं त्याची मोजदाद तरी झाली. पण टाकलेल्या तुकड्यांची नोंद कुठल्याच देशात होत नाही.

रसिक: कधीकधी टाकलेलं सापडतं. ‘लोस ओल्व्हिदादोस’चा दुसरा शेवट 1996त मेक्सिकोच्या राष्ट्रीय विद्यापीठाच्या फिल्म संग्रहात सापडला. आपण पाहतो त्यात पेद्रो हा मुलगा मारला जातो आणि त्याचं प्रेत उकिरड्यावर लोटतात. सापडलेल्या शेवटात तो जगतो, सुधारगृहात परत जातो.

संशयी: आणि तो शेवट साव्हाजचा नाही. सेन्सॉरची धास्ती होती म्हणून करून ठेवलेला बचाव. म्हणजे टोपली उघडली तरी आत निर्मात्याची भीती सापडते, संकलकाची अक्कल नाही.

रसिक: मग माझ्याकडे एकच पुरावा उरतो, आणि तो तुमच्या कामाचा आहे. ‘एनामोरादा’ गाजल्यावर फर्नांदेसने तोच चित्रपट इंग्रजीत पुन्हा केला, ‘द टॉर्च’. दिग्दर्शक तोच, कॅमेऱ्यावर फिगेरोआ, जनरलच्या भूमिकेत पुन्हा आर्मेंदारिस. गोष्ट तीच. फेलिक्सच्या जागी पॉलेट गॉडार्ड, आणि शोमानच्या जागी चार्ल्स किंबॉल. टोपली नको, खूण नको. दोन चित्रपट शेजारी लावा. पहिल्यात जे श्वास घेतं ते दुसऱ्यात घेत नाही, असं बहुतेकांना वाटतं.

संशयी: बहुतेकांना गॉडार्ड आवडत नाही, एवढंच ते. नटी वेगळी, भाषा वेगळी, पैसा वेगळा, प्रेक्षक वेगळा. संकलकापर्यंत पोचायच्या आधीच चार गोष्टी बदलल्यात. शास्त्रात याला प्रयोग म्हणत नाहीत.

रसिक: नटी ज्यात नाही ते शॉट घेऊ. सैन्याचं प्रयाण, घोडे, गल्लीतली गर्दी, चर्चमधला पाद्री. आवाज बंद करून, नुसत्या तोडी मोजू. कुठे थांबलंय, कुठे घाई केलीय.

संशयी: तोडी मोजून लय कळत नाही, हे तुला मीच शिकवलंय.

रसिक: मग न मोजता पाहा. तुम्ही स्टीनबेकच्या संकलन-टेबलावर आयुष्य काढलंय, तुमच्या डोळ्यांवर मी विश्वास ठेवते. नावं झाकून दोन्हींतले तेच प्रसंग लावते. कोणता शोमानचा, ते तुम्ही सांगा.

संशयी: आणि मी बरोबर सांगितलं तर तू म्हणणार, हात सापडला.

रसिक: आणि तुम्ही म्हणणार, नाही गं, मी फक्त फिगेरोआचा चांगला दिवस ओळखला.

संशयी: म्हणणारच. त्याचेही वाईट दिवस असायचे. तरी आण, पाहू. आवाज मात्र बंद करू नकोस. ‘मालागेन्या’ ऐकल्याशिवाय ते डोळे उशिरा उघडले की लवकर, हे मलाही सांगता येणार नाही.